सरड्याचा रंग खोटे बोलत नाही

बदलीचा हुकूम आला आणि गावाचे नाव वाचून घरात सगळ्यांनाच हसू आले. आवडी! सासूबाई म्हणाल्या, "नाव तर छान आहे. आता गावही आवडलं म्हणजे झालं."

२०२२ मध्ये यजमानांची अंबरनाथच्या संरक्षण कारखान्यातून येथे बदली झाली. चेन्नईच्या पश्चिमेला, सेंट्रल स्थानकापासून लोकलने पाऊण तासावर असलेले हे आवडी म्हणजे रणगाड्यांचे गाव. १९६५ मध्ये 'विजयंता' रणगाडा येथल्याच कारखान्यातून बाहेर पडला. पुढे 'अर्जुन'ही येथेच घडला. कारखान्याच्या वसाहतीत चिंच, कडुनिंब, शेवगा अशी झाडे भरपूर आहेत. त्यामुळे मुलांना शाळा सुटल्यावर उद्योगांची कमतरता नसते.

ऑगस्ट २०२३ मधली गोष्ट. पाचवीत शिकणारा आमचा धाकटा संध्याकाळी बुटांचे खोके छातीशी धरून आत आला.

"आई, माझा रणगाडा बघ!"

खोक्यात एक विचित्र सरडा होता. अंग दोन्ही बाजूंनी चापट, डोक्यावर टोपीसारखा उंचवटा आणि शेपटी घड्याळाच्या स्प्रिंगसारखी गुंडाळलेली. नवल होते ते त्याच्या डोळ्यांचे. बुरुजासारखे पुढे आलेले दोन डोळे, त्यांना टाचणीच्या डोक्याएवढी फट. एक डोळा माझ्याकडे वळलेला, तर दुसरा मागे दाराकडे. रणगाड्याचा वरचा बुरूज फिरतो तसे ते फिरत होते. मुलाने उपमा अगदी नेमकी दिली होती.

"मी याला पाळणार आणि शिकवणार. हातावर बसायला, हाक मारली की यायला," त्याने जाहीर केले.

दोन दिवसांचा पाहुणा

मुलाने तो झाडावरून काढला तेव्हा पोपटी होता म्हणे. आमच्या घरात आला तो करडा होऊन, आणि रात्री झाकण उघडले तेव्हा जवळजवळ काळा पडला होता. मुलगा खूश झाला. "बघ, खोक्यात अंधार आहे म्हणून त्यानं काळा रंग घेतला!"

दुसऱ्या दिवशी त्याला भाजीच्या जाळीदार टोपलीखाली ठेवले. वाटीत पाणी दिले, त्याकडे त्याने पाहिलेही नाही. नाकतोडे सोडले, ते त्याच्या अंगावरून उड्या मारून गेले. बोट पुढे केले की तो अंग फुगवून, जबडा वासून फुत्कार टाकी. मुलगा हट्टाला पेटला होता. दर दहा मिनिटांनी टोपली उचलून तो त्याला थोपटत होता, माया लावत होता. आणि प्रत्येक मायेसरशी तो जीव अधिक काळा पडत होता.

संध्याकाळी शेजारच्या पाटी, म्हणजे आजी, वाटीभर सांबार घेऊन आल्या. टोपलीकडे पाहून त्यांनी चुकचुक केले. "पच्चोन्दि," त्या म्हणाल्या आणि मुलाच्या डोक्यावर हात ठेवून एवढेच बोलल्या, "विट्टुडु, कण्णा." सोडून दे रे, बाळा.

रात्री यजमानांनी दुसरी बाजू सांगितली. हा सरडा वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ खाली संरक्षित आहे. त्याला पकडणे, घरात ठेवणे, विकणे किंवा विकत घेणे हा गुन्हा आहे, त्यासाठी दंड आणि तुरुंगवास होऊ शकतो. 'आम्हाला ठाऊक नव्हते' हे उत्तर कायद्यापुढे चालत नाही.

उजाडताच आम्ही टोपली शेवग्यापाशी नेली. मुलगा रडत होता. सरडा फांदीवर चढला आणि वाऱ्यावर पान डोलावे तसा मागेपुढे झुलत, एकेक पाऊल टाकत पानांत गेला. अर्ध्या तासाने मुलाने मला हाक मारून दाखवले. काळा रंग विरून तो पुन्हा पोपटी झाला होता.

"म्हणजे तो अंधारामुळे काळा नव्हता झाला," मुलगा हळूच म्हणाला. "आपल्यामुळे झाला होता."

पुढच्या सगळ्या शिक्षणाची सुरुवात या एका वाक्यापासून झाली.

हा आहे तरी कोण?

हा शॅमेलिऑन. महाराष्ट्रात काही भागांत याला घोयरा म्हणतात. तमिळमध्ये पच्चोन्दि, 'पच्चै' म्हणजे हिरवा. जगात शॅमेलिऑनच्या दोनशेहून अधिक जाती आहेत. बहुतेक आफ्रिकेत आणि मादागास्कर बेटावर. भारतात मात्र एकच जात आढळते. ती आपल्या दख्खनच्या कोरड्या रानांपासून तमिळनाडू आणि श्रीलंकेपर्यंत पसरलेली आहे. कुंपणावर बसून मान वरखाली करणारा, गळा लाल होणारा जो सरडा आपण रोज पाहतो तो हा नव्हे. तो चपळ, हा संथ. त्याची बोटे सुटी, याची बोटे चिमट्यासारखी दोन गटांत जोडलेली. पुढच्या पायाला आत तीन आणि बाहेर दोन, मागच्या पायाला नेमके उलट. फांदी घट्ट धरण्यासाठी ही सोय आहे. शेपटी हा जणू पाचवा हात. पण पालीसारखी ती तुटून पुन्हा येत नाही, म्हणून तिला धरून ओढणे म्हणजे त्याला जन्माचे अपंग करणे.

याची शिकार पाहण्यासारखी असते. एरवी स्वतंत्र फिरणारे दोन्ही डोळे भक्ष्यावर एकवटतात, अंतराचा अंदाज घेतला जातो आणि पापणी लवायच्या आत जीभ बाहेर जाऊन कीटकासह परत येते. ही जीभ अंगाच्या लांबीइतकी, कधी त्याहूनही लांब असते. तिच्या टोकावरचा चिकट द्रव माणसाच्या लाळेपेक्षा सुमारे चारशे पट दाट असतो, असे २०१६ मध्ये शास्त्रज्ञांनी दाखवून दिले.

आणि विष? मुळीच नाही. पुष्कळ ठिकाणी लोक याला विषारी समजून दगडाने ठेचतात. फुगणे, फुत्कारणे, तोंड वासणे हा सारा भित्र्या प्राण्याचा आव असतो. फारच छेडले तर तो चावतो, थोडे दुखते, इतकेच.

रंगाची भाषा

'सरड्यासारखा रंग बदलणारा' ही आपल्याकडे शिवी आहे. तमिळमध्येही पच्चोन्दि म्हटले की बेभरवशाचा माणूस असाच अर्थ होतो. निवडणुका आल्या की दोन्ही भाषांतल्या वर्तमानपत्रांत हा बिचारा हमखास दिसतो.

खरी गोष्ट उलट आहे. शॅमेलिऑन ज्यावर बसतो त्याचा रंग घेतो, हा गैरसमज आहे. मुळात तो पानांत मिसळून जाणाराच असतो. रंग बदलतो तो ऊन-थंडीमुळे, भीतीमुळे, रागामुळे, दुसरा नर किंवा मादी दिसल्यामुळे. सकाळी गारठलेला असताना ऊन शोषण्यासाठी तो गडद होतो, ऊब मिळाली की फिकट होतो. जिनिव्हा विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१५ मध्ये मादागास्करच्या शॅमेलिऑनवर अभ्यास केला. त्याच्या त्वचेतल्या पेशींत अतिसूक्ष्म स्फटिकांच्या ओळी असतात. प्राणी शांत असताना त्या दाट असतात आणि निळसर प्रकाश परत फेकतात. त्वचेतल्या पिवळ्या रंगात मिसळून तो आपल्याला हिरवा दिसतो. प्राणी चवताळला की स्फटिकांतले अंतर वाढते आणि रंग पिवळा, नारिंगी होत जातो.

म्हणजे मनातली खळबळ हा प्राणी लपवू शकत नाही. ती त्याच्या कातडीवर उमटते. माणसाचा चेहरा आपल्याला फसवतो, पण सरड्याचा रंग खोटे बोलत नाही. त्याचा विश्वास मिळवायचा असेल तर आधी हा रंग वाचायला शिकले पाहिजे.

शिकवायचे कोणाला?

कुत्र्याला मालकाची शाबासकी हवी असते, कारण तो कळपात राहणारा प्राणी आहे. शॅमेलिऑन एकांतवासी. स्वतःच्या जातीचा शेजारही त्याला नको असतो. त्याला थोपटणे आवडत नाही, हाक मारली की तो येणार नाही. मग त्याला काही शिकवता येते का?

येते, पण वेगळ्या अर्थाने. सरपटणारे प्राणी मठ्ठ असतात ही समजूत आता मागे पडली आहे. अमेरिकेतल्या ड्यूक विद्यापीठाच्या संशोधकांनी २०११ मध्ये पोर्टो रिकोच्या झाडावरच्या सरड्यांना झाकण उघडून अळी मिळवण्याचे कोडे घातले, आणि त्यांतल्या काहींनी ते सोडवले. शॅमेलिऑनही अनुभवातून शिकतो. मुख्य म्हणजे 'या गोष्टीपासून मला धोका नाही' हे तो शिकू शकतो. त्याच्या जगात विश्वास म्हणजे एवढेच, भीती नसणे. हे ऐकायला थोडे वाटते. पण ज्याला घार, कावळा, मांजर, साप आणि माणूस असे पाच वैरी आहेत, त्याने पाचांतला एक कमी केला तर ती लहान गोष्ट नव्हे.

मुलाला आम्ही एक वही आणून दिली. रोज शाळेतून आल्यावर शेवग्यापाशी जायचे, ठरलेल्या जागी बसायचे आणि रंगीत पेन्सिलींनी त्याचा रंग वहीत काढायचा. नियम तीन. हात लावायचा नाही. धावायचे नाही. त्याच्या डोक्यावरून हात न्यायचा नाही, कारण वरून येणारी सावली म्हणजे त्याच्या लेखी घार.

पहिला आठवडा वहीत नुसता तपकिरी. मुलगा दिसला की तो फांदीच्या पलीकडच्या बाजूला सरके, नुसती बोटे दिसत. दुसऱ्या आठवड्यात अंगावर गडद ठिपके, पण पलीकडे जाणे थांबले. एक डोळा सारखा मुलावर, दुसरा पानांत माश्या शोधण्यात. तिसऱ्या आठवड्यात एके दिवशी त्याने मुलादेखत जीभ टाकून माशी टिपली. शत्रूसमोर कोणी जेवायला बसत नाही. त्या दिवशीचे पान पोपटी आहे आणि खाली लिहिले आहे, 'आज तो जेवला.'

हा मुलगा पूर्वी गृहपाठाला दहा मिनिटे एका जागी बसत नसे. पाटी हसून म्हणाल्या, "सरड्याने कोणाला शिकवलं बघ!"

पाळायचाच असेल तर

आपला भारतीय शॅमेलिऑन पाळता येत नाही, हे पुन्हा सांगते. कोणी दुकानदार किंवा दारावर येणारा माणूस तो देऊ करत असेल तर घेऊ नये, वनखात्याला कळवावे. काही घरांत येमेन किंवा मादागास्करच्या जातींचे, पैदाशीतून जन्मलेले शॅमेलिऑन असतात. 'साइट्स' या आंतरराष्ट्रीय कराराच्या यादीतल्या अशा परदेशी प्राण्यांसाठी कायद्यात २०२२ मध्ये दुरुस्ती झाली आणि ती १ एप्रिल २०२३ पासून लागू झाली. २०२४ च्या नियमांनुसार त्यांची नोंदणी सरकारच्या 'परिवेश' संकेतस्थळावर करावी लागते. जन्म, मृत्यू आणि हस्तांतरण यांचीही नोंद करायची असते. कागदपत्रे नसतील तर जनावर घेऊ नये.

अशा प्राण्याचा विश्वास मिळवण्याच्या पायऱ्या पुढीलप्रमाणे:

* पहिले दोन आठवडे त्याला एकटे सोडावे. पिंजरा उंच, जाळीचा, आत खरी झाडे आणि आडव्या फांद्या असाव्यात. त्याची बसण्याची जागा आपल्या डोळ्यांच्या वर असावी. उंचावर बसलेल्याला भीती कमी वाटते. लपायला जागा असली की तो लवकर रुळतो.

* पाणी वाटीत देऊ नये. साचलेले पाणी त्याला सहसा कळत नाही, तो पानांवरचे दव पितो. पानांवर फवारा मारावा किंवा थेंबथेंब पाणी ठिबकत ठेवावे.

* रोज त्याच वेळी, शक्यतो त्याच माणसाने, सावकाश हालचाली करत खाणे द्यावे. आधी भांडे पिंजऱ्यात ठेवून दूर व्हावे, मग भांडे हातात धरून थांबावे, शेवटी चिमट्याने किंवा बोटांनी कीटक पुढे धरावा. विश्वासासाठी उपाशी ठेवू नये. कीटकनाशक मारलेल्या बागेतले किडे आणि काजवे कधीच देऊ नयेत.

* हातावर घ्यायचे तर हात फांदीसारखा त्याच्या पुढे, छातीच्या खालच्या पातळीवर धरावा. तो आपणहून चढेल तर चढू द्यावा. वरून पकडू नये, फांदीवरून ओढून काढू नये. पाच मिनिटांत परत ठेवावा.

* रंग काळवंडला, अंग चापट झाले, तोंड वासले किंवा तो झुलत मागे सरकला तर त्या दिवशीचा पाठ संपला. दिवसा डोळे मिटून बसलेला शॅमेलिऑन शांत नसतो, तो आजारी असतो. सरपटणाऱ्या प्राण्यांची माहिती असलेल्या पशुवैद्याकडे न्यावे.

* हाडांसाठी त्याला अतिनील किरण आणि कॅल्शियम लागते. खिडकीच्या काचेतून हे किरण पुरेसे येत नाहीत, म्हणून खास दिवा लावावा. पण चेन्नई-नागपूरच्या दुपारच्या उन्हात पिंजरा गच्चीवर ठेवू नये, पंधरा मिनिटांत जीव जाऊ शकतो.

* दोन शॅमेलिऑन एका पिंजऱ्यात ठेवू नयेत. आरसाही ठेवू नये, त्यातला प्रतिस्पर्धी कधीच हटत नाही. मादीला नराशिवायही अंडी होतात, ती पुरण्यासाठी ओलसर वाळू द्यावी लागते.

* हात लावण्याआधी आणि नंतर मुलांनी साबणाने हात धुवावेत. सरपटणाऱ्या प्राण्यांच्या अंगावर पोट बिघडवणारे जंतू असू शकतात.

एवढे वाचून 'नको बाई हा उपद्व्याप' असे वाटले, तर तेही उत्तर चांगलेच आहे.

थांबायचे कुठे?

शेवग्यावरच्या सरड्याची गोष्ट मात्र राहिली. पाचव्या आठवड्यात मुलाने लांब काडीच्या टोकाला नाकतोडा बांधून पुढे धरला. सरड्याने दोन्ही डोळे रोखले आणि जीभ सटकन येऊन गेली. मुलगा आनंदाने नाचायचाच बाकी होता. मलाही कौतुक वाटले. मी त्याला थांबवले नाही आणि माझी चूक तेथेच झाली.

पुढे आठ दिवस हा खेळ चालला. मग एका रविवारी वसाहतीबाहेरची दोन-तीन मोठी मुले काठ्या घेऊन आली. एकाने काठी फांदीपाशी नेली. पूर्वीचा सरडा असता तर केव्हाच फांदीआड झाला असता. हा हलला नाही. पोपटीच्या पोपटी रंगात, दोन्ही डोळे काठीच्या टोकावर रोखून तो नाकतोड्याची वाट पाहत बसला.

पाटी व्हरांड्यातून ओरडल्या म्हणून तो वाचला.

त्या रात्री मुलगा जेवला नाही. "त्याला वाटलं ती माझीच काठी आहे," एवढेच तो म्हणत राहिला. रानातल्या जिवाने माणसाला भ्यावे हे त्याचे कवच असते. आम्ही प्रेमाने ते काढून घेतले होते, आणि सगळी माणसे आमच्या मुलासारखी नव्हती.

दुसऱ्या दिवसापासून काडी बंद. बसण्याची जागाही तीन पावले मागे सरकली. वहीत पुन्हा थोडे तपकिरी डाग दिसू लागले आणि ते पाहून आम्हाला हायसे वाटले. मग आम्ही दुसऱ्या टोकाने काम सुरू केले. मुलाने त्या मोठ्या मुलांनाच बोलावून वही दाखवली. मोडक्या तमिळमध्ये त्याने त्यांना डोळे, जीभ, बोटे समजावून दिली. एका सुटीत वसाहतीतली मुले घेऊन आम्ही गिंडीच्या सर्पोद्यानात गेलो. रोम्युलस व्हिटेकर यांच्या प्रयत्नातून उभे राहिलेले हे उद्यान १९७२ पासून तेथे आहे. सापांची भीती घालवणे हेच त्याचे काम. परत येताना काठीवाला मुलगाच पहिल्यांदा म्हणाला, "त्या पच्चोन्दीला कोणी दगड मारायचा नाही."

सरड्याचा विश्वास माणसावर बसवण्यापेक्षा माणसांना सरड्याच्या विश्वासाला पात्र करणे अधिक गरजेचे होते. काम तेच, पण बाजू बदलली.

डिसेंबर २०२३ मध्ये मिचाँग वादळाने चेन्नई बुडाली. आवडीतही रस्त्यांचे ओढे झाले, वीज गेली. शेवग्याचे लाकूड मुळातच ठिसूळ, ते झाड अर्ध्यातून मोडले. पाणी ओसरल्यावर मुलगा आणि काठीवाला त्याचा मित्र रोज चिखलातून फांद्या चाळत फिरत होते. नवव्या दिवशी कुंपणाच्या मेंदीत त्यांना तो सापडला. सरड्याची धाव कुंपणापर्यंत ही म्हण त्याने अक्षरशः खरी करून दाखवली होती.

दोघे तीन पावलांवर उभे राहिले. कोणी हात पुढे केला नाही. सरड्याने एक डोळा एकावर आणि दुसरा दुसऱ्यावर फिरवला, आणि सावकाश मेंदीत शिरला.

"रंग कोणता होता?" मी विचारले.

मुलाने वही उघडून हिरवी पेन्सिल काढली.